फिट्झजेराल्डचा खय्याम आणि मराठी वाचक : माधव जूलियन यांच्या दोन अनुवादांचे ऐतिहासिक वाचन

बीजसंज्ञा : एडवर्ड फिट्झजेराल्ड, उमर खय्याम, माधव जूलियन, रुबाई, अनुवाद, भाषाशुद्धी, हैदराबाद संस्थान, मराठवाडा

प्रस्तावना :

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात इंग्रजी शिक्षणाच्या द्वारे व्हिक्टोरियन काव्य महाराष्ट्रात आले आणि मराठी कवींनी ते अनेक प्रकारे आत्मसात केले. कान्होबा रणछोडदास कीर्तिकर यांनी टेनिसनच्या ‘द प्रिन्सेस’ या काव्याच्या आधारे ‘इंदिरा’ हे काव्य १८८४ मध्ये सिद्ध केले. विष्णु मोरेश्वर महाजनी यांनी ‘कुसुमांजली’त इंग्रजी कवितांची मराठी रूपे दिली. या सर्व व्यवहारात कवी इंग्लंडचा, विषय इंग्लंडचा आणि वाचक महाराष्ट्राचा अशी सरळ मांडणी होती. एका व्हिक्टोरियन कवीच्या बाबतीत मात्र ती लागू पडत नाही. एडवर्ड फिट्झजेराल्ड (१८०९–१८८३) हा तो कवी होय. त्याची कीर्ती ज्या एका लहानशा पुस्तकावर उभी आहे ते पुस्तक अकराव्या-बाराव्या शतकातील फारसी कवी उमर खय्याम याच्या रुबायांचे रूपांतर आहे. म्हणजे जी भाषा महाराष्ट्रात शतकानुशतके राजभाषा म्हणून नांदली, त्या भाषेतील काव्य मराठी वाचकाला लंडनच्या वाटेने मिळाले.

प्रस्तुत शोधनिबंधात या उलट्या प्रवासाचा मागोवा घेतला आहे. त्यासाठी माधव जूलियन म्हणजेच माधव त्रिंबक पटवर्धन (१८९४–१९३९) यांचे दोन अनुवाद केंद्रस्थानी ठेवले आहेत. ‘उमरखय्यामकृत रुबाया’ (१९२९) हा मूळ फारसीवरून केलेला आहे, तर ‘द्राक्षकन्या’ (१९३१) फिट्झजेराल्डच्या इंग्रजी काव्यावरून. एकाच कवीने दोन वर्षांच्या अंतराने ही दोन स्वतंत्र पुस्तके का केली, आणि या दुहेरी अनुवादातून मराठी वाचनाच्या इतिहासाविषयी काय कळते, हा या निबंधाचा मुख्य प्रश्न आहे. बीडसारख्या पूर्वीच्या हैदराबाद संस्थानातील जिल्ह्यात बसून हा प्रश्न विचारताना त्याला आणखी एक परिमाण प्राप्त होते. त्याचाही विचार येथे केला आहे.

१. इंग्लंडातील उपेक्षा आणि लोकप्रियता :

फिट्झजेराल्डला फारसीची गोडी लावली ती त्याचा तरुण मित्र एडवर्ड बाइल्स कॉवेल याने. ऑक्सफर्डच्या बोडलियन ग्रंथालयातील १५८ रुबायांचे एक हस्तलिखित कॉवेलच्या हाती आले आणि १८५६ मध्ये त्याने त्याची नक्कल फिट्झजेराल्डला दिली. त्यावरून सिद्ध झालेले ७५ रुबायांचे पुस्तक १८५९ मध्ये बर्नार्ड क्वारिच या लंडनच्या ग्रंथविक्रेत्यामार्फत प्रसिद्ध झाले. प्रती अवघ्या २५० होत्या आणि त्यांवर रूपांतरकाराचे नाव नव्हते. पुस्तक खपले नाही. अखेरीस ते दुकानाबाहेरच्या एक पेनी किमतीच्या पेटीत जाऊन पडले. १८६१ मध्ये व्हिटली स्टोक्स या विद्वानाच्या दृष्टीस ते पडले आणि त्याच्याकडून ते कवी-चित्रकार रोझेटीकडे व पुढे स्विनबर्नकडे गेले. येथून त्याच्या कीर्तीला प्रारंभ झाला.

यानंतर १८६८, १८७२ आणि १८७९ अशा आवृत्त्या निघाल्या. दुसऱ्या आवृत्तीत रुबायांची संख्या ११० झाली आणि पुढे ती १०१ वर स्थिर झाली. अमेरिकेत चार्ल्स एलियट नॉर्टन याने १८६९ मध्ये लिहिलेल्या परीक्षणामुळे तेथील वाचकवर्ग मोठ्या प्रमाणावर तयार झाला. १८९२ मध्ये लंडनला उमर खय्याम क्लब स्थापन झाला. निशापूरच्या कबरीवरील गुलाबाच्या बियांपासून वाढविलेले रोप १८९३ मध्ये सफोकमध्ये फिट्झजेराल्डच्या थडग्यापाशी लावण्यात आले. १९१२ मध्ये टायटॅनिक जहाज बुडाले तेव्हा या काव्याची रत्नजडित बांधणीची एक प्रतही समुद्रात गेली. एका पेनीपासून रत्नांपर्यंतचा हा प्रवास अर्धशतकाच्या थोड्या अधिक काळात झाला.

या लोकप्रियतेचे एक कारण रचनेत आहे. फारसी संग्रहांत रुबाया बहुधा अंत्ययमकाच्या अक्षरानुसार वर्णक्रमाने लावलेल्या असतात. प्रत्येक रुबाई स्वयंपूर्ण असते व तिचा पुढच्या रुबाईशी संबंध असेलच असे नाही. फिट्झजेराल्डने त्यांतून निवड केली, काही एकत्र वितळविल्या आणि पहाटेपासून चंद्रोदयापर्यंतच्या एका दिवसाचा क्रम त्यांना दिला. एडवर्ड हेरॉन-ॲलन याने १८९९ मध्ये केलेल्या तपासणीत असे आढळले की, १०१ रुबायांपैकी ४९ या एकेका मूळ रुबाईशी जुळतात, तर ४४ या एकाहून अधिक रुबायांच्या मिश्रणातून घडल्या आहेत. काहींचे मूळ अत्तार व हाफिज यांच्यात सापडते. तात्पर्य, इंग्रजी वाचकाने ज्यावर प्रेम केले ते भाषांतर नव्हते. फारसी साहित्याच्या आधारे रचलेले ते एक व्हिक्टोरियन काव्य होते. डार्विनचा ‘ओरिजिन ऑफ स्पीशीज’ हा ग्रंथही १८५९ चाच. श्रद्धा डळमळीत होत चाललेल्या त्या समाजाला आपल्या शंका एका पौर्वात्य ज्योतिर्विदाच्या तोंडून ऐकण्याची सोय या काव्याने करून दिली.

२. या काव्याच्या घडणीत हिंदुस्थानचा वाटा :

फिट्झजेराल्ड स्वतः कधी हिंदुस्थानात आला नाही. तथापि त्याच्या काव्याचा या देशाशी असलेला संबंध प्रारंभापासूनचा आहे. १८५६ मध्ये कॉवेल कलकत्त्याच्या प्रेसिडेन्सी कॉलेजात प्राध्यापक म्हणून रुजू झाला. तेथील एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयात त्याला खय्यामचे अधिक मोठे हस्तलिखित मिळाले व त्याची नक्कल त्याने १८५७ मध्ये इंग्लंडला धाडली. १८५८ च्या प्रारंभी ‘कलकत्ता रिव्ह्यू’त कॉवेलचा खय्यामवरील लेख आला. म्हणजे लंडनमध्ये पुस्तक निघण्यापूर्वी कलकत्त्यात खय्यामविषयी इंग्रजीत चर्चा झालेली होती. पुढे व्हिटली स्टोक्स १८६२ मध्ये मद्रासला आला आणि त्याच वर्षी तेथे या काव्याचे एक खाजगी पुनर्मुद्रण झाले. इंग्लंडात दुसरी आवृत्ती निघण्यास तेव्हा सहा वर्षे अवकाश होता.

या तपशिलांचा अर्थ लक्षात घेण्यासारखा आहे. हस्तलिखिते येथील, ती जतन करणारी संस्था येथील. परंतु ती वाचून त्यांतून काव्य निवडण्याचा अधिकार मात्र तिकडचा. फारसी कवींच्या रचनेत कलेची उणीव असून ती आपण भरून काढावी, असा फिट्झजेराल्डचा समज होता व कॉवेलला लिहिलेल्या पत्रात त्याने तो मोकळेपणाने व्यक्त केला आहे. हे पत्र १८५७ चे आहे. ज्या वर्षी हिंदुस्थानात कंपनीच्या सत्तेला हादरा बसला त्याच वर्षी पौर्वात्य काव्याला सुधारून घेण्याचा हा आत्मविश्वास व्यक्त झाला, हा योगायोग असला तरी तो त्या काळाची मनोवृत्ती स्पष्ट करतो.

३. महाराष्ट्रातील फारसी आणि तिचा विसर :

महाराष्ट्राला फारसी परकी नव्हती. बहामनी, निजामशाही, आदिलशाही, मोगल आणि आसफजाही अशा सत्तांच्या काळात दरबार व महसूल यांच्या व्यवहारातून तिचे शब्द मराठीत रुजले. पैठणच्या एकनाथांनी ‘अर्जदस्त’ या भारुडात सरकारी अर्जाचे रूप घेऊन अध्यात्म सांगितले. श्रोत्यांना ती भाषा परिचित असल्याशिवाय हे शक्य नव्हते. शिवकाळात ‘राज्यव्यवहारकोशा’च्या द्वारे राज्यकारभारातील फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देण्याचा प्रयत्न झाला. त्यावरूनही फारसीचा पगडा किती खोल होता हे समजते.

ब्रिटिश अमलाखालील प्रदेशात १८३७ च्या कायद्यानंतर फारसीचे न्यायालयीन स्थान संपुष्टात येत गेले. पुण्या-मुंबईकडे ती महाविद्यालयात शिकावयाची एक अभिजात भाषा म्हणून उरली. हैदराबाद संस्थानात मात्र एकोणिसाव्या शतकाच्या नवव्या दशकापर्यंत ती राजभाषा होती. त्यानंतर तिची जागा उर्दूने घेतली. १९१८ मध्ये स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाचे माध्यमही उर्दूच होते. बीड जिल्हा १९४८ पर्यंत याच व्यवस्थेचा भाग होता आणि अंबाजोगाईचे सरकारी नाव तेव्हा मोमिनाबाद होते. आजही आपल्याकडे शेतकरी तहसीलीत अर्ज देतो, फेरफाराची नक्कल मागतो, हद्द कायम करून घेतो, दस्तऐवज सांभाळून ठेवतो. हे शब्द त्याला आपलेच वाटतात व तसे वाटण्यात काही गैर नाही.

या पार्श्वभूमीवर खरे तर खय्याम मराठीत येण्याचा जवळचा रस्ता मराठवाड्यातून होता. प्रत्यक्षात तो पुण्याच्या महाविद्यालयीन वर्तुळातून आला. याचे कारण असे की, कारभाराची फारसी व काव्याची फारसी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आपल्याकडे जनसामान्यांत जी रुजली ती कारभाराची. काव्य म्हणून फारसी वाचावी ही इच्छा नवशिक्षितांमध्ये निर्माण झाली तेव्हा ती इंग्रजी काव्याच्या वाचनातून निर्माण झाली.

४. माधव जूलियन : दोन वाटांचा एक प्रवासी :

माधव जूलियन यांचा जन्म बडोद्याचा. पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात आणि पुढे कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयात त्यांनी फारसीचे अध्यापन केले. १९२५ मध्ये त्यांचा ‘फार्सी-मराठी कोश’ प्रसिद्ध झाला. मराठ्यांच्या इतिहासाची साधने वाचणाऱ्यांना या कोशाचा मोठा आधार झाला. १९२३ मध्ये पुण्यात स्थापन झालेल्या रविकिरण मंडळाचे ते प्रमुख कवी होते. गझल मराठीत रुजविण्याचे श्रेय त्यांच्याकडे जाते व ‘गज्जलांजली’ (१९३३) हा संग्रह त्याची साक्ष देतो. ‘छंदोरचना’ हा त्यांचा ग्रंथ मराठी छंदःशास्त्रात आजही प्रमाण मानला जातो. कोशकार, छंदःशास्त्रज्ञ आणि कवी या तिन्ही भूमिका त्यांच्या खय्यामविषयक कार्यात एकत्र आलेल्या आहेत.

त्यांनी प्रथम मूळ फारसीकडे जावे ही गोष्ट महत्त्वाची आहे. इंग्रजी जाणणाऱ्या कवीला फिट्झजेराल्डचे पुस्तक समोर ठेवून अनुवाद करणे सोपे होते व इतर भारतीय भाषांत अनेकांनी तेच केले. माधव जूलियन यांनी १९२९ मध्ये खय्यामला खय्याम म्हणून मांडले आणि १९३१ मध्ये फिट्झजेराल्डला फिट्झजेराल्ड म्हणून. दोहोंची सरमिसळ त्यांनी केली नाही. या विभागणीत एक टीकात्मक भूमिका अनुस्यूत आहे असे प्रस्तुत लेखकास वाटते. फिट्झजेराल्डचे काव्य हा खय्यामचा आरसा नाही, तथापि ते स्वतंत्रपणे अनुवादास पात्र असे काव्य आहे, ही ती भूमिका होय. त्यांच्या निधनानंतर १९४० मध्ये ‘मधुलहरी’ हे त्यांचे तिसरे खय्यामविषयक पुस्तक आले. यावरून या विषयाने त्यांना अखेरपर्यंत सोडले नव्हते हे दिसते.

छंदाच्या दृष्टीनेही मराठीची स्थिती विशेष आहे. रुबाई चार चरणांची असते आणि तिच्यात सामान्यतः पहिला, दुसरा व चौथा चरण सयमक असतो. तिची वृत्ते हजज या वृत्तकुलातून आलेली असून ती अक्षरांच्या ऱ्हस्वदीर्घत्वावर उभी आहेत. इंग्रजी पद्य आघातावर चालते, त्यामुळे फिट्झजेराल्डला यमकांची मांडणी घेता आली, पण मूळची लय घेता आली नाही. मराठी पद्याची बैठक लघु-गुरूंची, म्हणजे फारसीच्या जवळची आहे. जी गोष्ट इंग्रजीला अशक्य होती ती मराठीला निदान शक्य कोटीतील होती. फारसी वृत्तांचा छंदःशास्त्राच्या अंगाने अभ्यास केलेल्या कवीला हे अंतर व ही जवळीक दोन्ही ठाऊक होती.

५. ‘द्राक्षकन्या’ : शीर्षक, काळ आणि भाषाशुद्धी :

‘द्राक्षकन्या’ हे शीर्षक ऐकताच संस्कृत वाटते. वेलीची कन्या म्हणजे मदिरा ही कल्पना फिट्झजेराल्डच्या काव्यात आहे व तेथून ती मराठीत आली असे प्रथमदर्शनी कोणीही म्हणेल. परंतु इंग्रजीतही ती फारसीतून आलेली आहे. फारसीत मद्याला ‘दुख्तर-ए-रज’ म्हणण्याचा संकेत जुना आहे. अर्थात एका फारसी वाक्प्रयोगाने इंग्रजी वेश घेतला आणि नंतर संस्कृत समासाच्या रूपाने तो मराठीत प्रकटला. तीन भाषांचा हा प्रवास एका शब्दात सामावलेला आहे, पण शेवटच्या वेशामुळे पहिले मूळ दृष्टीआड होते.

हे दृष्टीआड होणे केवळ योगायोगाचे नाही. माधव जूलियन हे भाषाशुद्धीच्या चळवळीचे समर्थक झाले आणि १९३८ मध्ये त्यांनी ‘भाषाशुद्धि-विवेक’ हा ग्रंथ लिहिला. ज्याने फारसी शब्दांचा मराठी कोश केला, ज्याने गझल आणि रुबाई मराठीत आणली, त्याच विद्वानाला मराठीतील फारसी शब्दांना पर्याय शोधावेसे वाटले. यात विसंगती आहे असे अनेकदा म्हटले जाते. एका अर्थी ती आहेही. तथापि त्यांच्या दृष्टीने काव्यप्रकार व वृत्त यांची देवघेव ही समृद्धी होती, आणि शब्दांची आवक हे राजकीय पारतंत्र्याचे चिन्ह होते, असा भेद केल्यास त्यांची भूमिका समजू शकते. समजून घेणे म्हणजे मान्य करणे नव्हे. मराठवाड्याच्या बोलीत वाढलेल्या वाचकाला या शुद्धीत आपल्या रोजच्या बोलण्यालाच अशुद्ध ठरविल्यासारखे वाटले तर त्यास चूक म्हणता येणार नाही.

काळाचा संदर्भही पाहावयास हवा. १९३० च्या सविनय कायदेभंगात दारूच्या दुकानांवर पिकेटिंग हा एक प्रमुख कार्यक्रम होता आणि मार्च १९३१ च्या गांधी-आयर्विन कराराने शांततापूर्ण पिकेटिंगला मोकळीक मिळाली. त्याच १९३१ मध्ये मदिरेचे नाव शीर्षकात मिरविणारे काव्य मराठीत प्रसिद्ध झाले. गंमत अशी की, हा कवी ज्या रविकिरण मंडळाचा, त्याची ओळख ‘सन टी क्लब’ अशी होती. मंडळींच्या बैठकीत पेला फिरत असे तो चहाचा. खय्यामची मदिरा मराठी मध्यमवर्गीय वाचकाने प्रतीक म्हणूनच स्वीकारली असावी, हे या परिस्थितीवरून अनुमानता येते.

६. हिंदी आणि हैदराबाद : दोन तुलना :

मराठीतील या स्वीकाराची मर्यादा हिंदीशी तुलना केल्यास कळते. हरिवंशराय बच्चन यांनी फिट्झजेराल्डच्या काव्याचा ‘खैयाम की मधुशाला’ हा अनुवाद केला आणि त्याच प्रेरणेतून ‘मधुशाला’ हे स्वतंत्र काव्य लिहिले. १९३५ च्या सुमारास आलेल्या या काव्याने कविसंमेलने गाजविली व ते लोकांच्या तोंडी बसले. त्यांनी मदिरालयाला धर्मभेदापलीकडील एकत्र येण्याचे स्थान बनविले. माधव जूलियन यांची खय्यामविषयक पुस्तके अधिक विद्वत्तापूर्ण आहेत, पण त्यांना ही लोकप्रियता लाभली नाही. अनुवादकाची निष्ठा आणि लोकप्रिय कवीचे स्वातंत्र्य यांतील हा फरक आहे. फिट्झजेराल्डला इंग्लंडात यश मिळाले तेही निष्ठेमुळे नव्हे, स्वातंत्र्यामुळेच. त्याचा खरा वारसा या अर्थाने बच्चन यांच्याकडे गेला, तर खय्यामशी प्रामाणिक राहण्याचे कष्ट माधव जूलियन यांनी घेतले.

दुसरी तुलना हैदराबादची. पूर्वाश्रमीचे दातार असलेले स्वामी गोविंदतीर्थ यांनी ‘द नेक्टर ऑफ ग्रेस’ हा खय्यामचे जीवन व कार्य यांवरील इंग्रजी ग्रंथ १९४१ मध्ये प्रसिद्ध केला. कृपेचे अमृत या अर्थाचे हे शीर्षकच खय्यामकडे पाहण्याची एक वेगळी, भक्तीच्या अंगाने जाणारी दृष्टी सुचविते. खय्यामला सूफी मानावे की नाही हा वाद जुना आहे. १८६७ मध्ये निकोलस या फ्रेंच अनुवादकाने सूफी अर्थ पुढे केला होता आणि फिट्झजेराल्डने १८६८ च्या प्रस्तावनेत तो नाकारला होता. परंतु गोविंदतीर्थांचे चिरस्थायी कार्य वेगळेच आहे. बैहकी या जुन्या चरित्रकाराने नोंदविलेल्या कुंडलीवरून गणित करून त्यांनी खय्यामची जन्मतिथी १८ मे १०४८ अशी निश्चित केली. पुढे सोव्हिएत खगोलशास्त्रज्ञांनी ती पडताळून पाहिली व आज जगभर तीच दिली जाते. जलाली कालगणनेच्या सुधारणेत भाग घेतलेल्या ज्योतिर्विदाची जन्मतिथी ज्योतिर्गणिताने शोधली जावी, आणि ती फारसीच्या परंपरेत वाढलेल्या आपल्या दख्खनमधील एका संन्याशाने शोधावी, हे औचित्यपूर्ण आहे.

या परंपरेत निलंगा येथे जन्मलेले सेतुमाधवराव पगडी यांचेही स्मरण करावयास हवे. त्यांनी फारसी साधने मराठी इतिहासाभ्यासकांना उपलब्ध करून दिली आणि उर्दू काव्याचा मराठी वाचकांना परिचय करून दिला. मराठवाड्याकडे फारसी-उर्दूचा जो वारसा होता तो इंग्रजीच्या मध्यस्थीशिवायही फलदायी होऊ शकतो, हे या उदाहरणांवरून सिद्ध होते.

निष्कर्ष :

१) फिट्झजेराल्डची परदेशी लोकप्रियता ही इंग्लंडातून बाहेर गेलेली एकेरी लाट नव्हती. कलकत्ता व मद्रास ही तिच्या घडणीतील प्रारंभीचीच स्थाने होती.

२) फारसी शतकानुशतके शेजारी असूनही मराठी वाचकाला खय्यामची ओढ इंग्रजी काव्यामुळे लागली. वसाहतकालीन शिक्षणाने आपल्याच परिसरातील वारशाकडे परक्याच्या डोळ्यांनी पाहावयास शिकविले, याचे हे ठळक उदाहरण आहे.

३) माधव जूलियन यांनी फारसी खय्याम व इंग्रजी खय्याम यांचे दोन वेगळे अनुवाद करून ही मध्यस्थी उघड केली. अनुवादाच्या इतिहासात या कृतीचे मूल्य त्यांच्या काव्यगुणांइतकेच मोठे आहे.

४) त्यांची भाषाशुद्धीची भूमिका आणि फारसीचा व्यासंग यांतील ताण हा त्यांच्या एकट्याचा नाही. फारसीशी मराठीचे नाते काय, या अनिर्णित प्रश्नाचा तो भाग आहे.

आपल्या महाविद्यालयांत इंग्रजी विभाग फिट्झजेराल्ड शिकवितो, मराठी विभाग माधव जूलियन शिकवितो आणि इतिहास विभाग निजामकाळ शिकवितो. तिन्ही विभागांनी एकत्र बसून ‘उमरखय्यामकृत रुबाया’ आणि ‘द्राक्षकन्या’ ही दोन पुस्तके शेजारी शेजारी ठेवून वाचावीत. आपल्या विद्यार्थ्याच्या तोंडी असलेले अर्ज, नक्कल, हद्द हे शब्द कोठून आले हे त्याला सांगताना खय्यामही त्याच वाटेने आपल्या दारापर्यंत येऊन थांबला होता, हे आपणास सांगता येईल.